अडवणाऱ्या जागा

महानुभाव पंथाच्या ‘स्थानपोथी’त तत्त्वज्ञान जवळजवळ नाही. आहेत त्या जागांच्या नोंदी. चक्रधरस्वामी कोणत्या गावात आले, कोणत्या देवळाच्या कोणत्या अंगाला बसले, जेवण कुठे झाले, रात्र कुठे काढली, याचा तो जाबताच म्हणा ना. जिथे स्वामी बरेच दिवस राहिले ते अवस्थान, जिथे मुक्काम पडला ती वसती, जिथे नुसते टेकले ते आसन. देहधर्माच्या जागासुद्धा टिपून ठेवल्या आहेत. पुढे या ठिकाणी ओटे बांधले गेले आणि पंथाचे लोक आजही त्यांच्यापुढे माथा टेकतात. गंमत अशी, की इतर देवदेवतांच्या उपासनेला ठाम नकार देणारा हा पंथ. ओट्यात देव बसला आहे असे तो मानत नाही. स्वामींच्या रूपाने परमेश्वराचा या दगडामातीशी एकदा संबंध आला, एवढेच त्याचे म्हणणे; आणि परमेश्वर समोर नसताना त्याची आठवण जागती ठेवण्याची जी साधने पंथाने सांगितली, त्यांत प्रसाद, भिक्षुक आणि वासनिक यांच्या जोडीला स्थान येते. ओटा तसा पाहण्यासारखा नसतो. बुटका चौथरा, त्यावर हल्ली बहुधा फरशी. तरी माणूस तिथे थांबतो. तो का थांबतो आणि थांबल्यावर विचारात का पडतो, या प्रश्नाला आजवर मिळालेली उत्तरे तपासू लागलो, की सगळ्यांत लोकप्रिय उत्तरेच सगळ्यांत लंगडी निघतात.

लोकप्रिय उत्तर असे, की जागेतच काहीतरी आहे. जर्मन धर्मचिंतक रूडॉल्फ ओट्टो यांनी १९१७ साली पवित्राचा अनुभव म्हणजे थरकाप आणि ओढ यांचे एकत्र येणे, अशी मांडणी केली. मिर्चा एलियाड यांनी पुढे त्याला भूगोल दिला: सगळी जमीन सारखी नसते, काही बिंदूंवर पवित्र स्वतःहून प्रकट होते आणि तो बिंदू माणसाच्या जगाचे केंद्र बनतो. एलियाड न वाचताही आपल्याकडची पर्यटनाची पत्रके हीच भाषा बोलतात. ‘इथे आल्यावर वेगळीच ऊर्जा जाणवते’ हे वाक्य एलियाड यांच्या मांडणीचेच गरीब वंशज आहे. याच्या उलट टोकाला एमिल दुरखेम. १९१२ च्या त्यांच्या ग्रंथाचा रोख असा, की समाज ज्याला वेगळे काढतो ते पवित्र, आणि तिथे माणूस नमस्कार करतो तो शेवटी आपल्याच समूहाला. जोनाथन झेड. स्मिथ यांनी १९८७ मध्ये एलियाडना थेट उत्तर दिले: जागा आधी पवित्र असते आणि म्हणून तिथे विधी होतात असे नाही, विधी लक्ष वेधतो आणि त्या लक्षामुळे जागा पवित्र होते. मला स्मिथ बरेचसे पटतात. पण लक्ष कशामुळे वेधले जाते आणि ते वेधले गेल्यावर मनाचे काय होते, इथे त्यांचे उत्तर थांबते. तिथून पुढे आपल्या भोवतालचा पुरावा जास्त उपयोगाचा आहे.

त्यातला पहिला पुरावा कार्ल्याचा. लोणावळ्याजवळच्या डोंगरात दोन हजार वर्षांपूर्वी कोरलेले हे चैत्यगृह भारतातले सगळ्यांत मोठे. पिंपळपानी गवाक्षातून प्रकाश आत उतरतो, दोन्ही बाजूंना खांबांची रांग, खांबांवर हत्ती, वर मूळच्या लाकडी कमानी आणि टोकाला स्तूप. त्या स्तूपावरची लाकडी छत्रीदेखील टिकून आहे. भव्यतेने मन हलते असे म्हणणाऱ्यांना याहून चांगले उदाहरण मिळणार नाही. डॅकर केल्टनर आणि जोनाथन हाइट या मानसशास्त्रज्ञांनी २००३ मध्ये विस्मयाची जी फोड केली तीही इथे लागू पडते: आपल्यापेक्षा फार मोठे असे काही समोर येते, मनातल्या नेहमीच्या चौकटीत ते मावत नाही आणि चौकट सैल करावी लागते. हे खरेच आहे. पण त्याच कड्यावर, चैत्यगृहाच्या दाराशी जवळजवळ खेटून, एकवीरा आईचे देऊळ आहे. कोळ्यांची ही कुलस्वामिनी. चैत्रात पालख्या येतात, गुलाल उधळतो. चैत्यगृहाचे तिकीट काढून आत गेलेला माणूस वर बघतो, थक्क होतो, मोबाइल काढतो आणि बाहेर येतो. एकवीरेच्या रांगेतला माणूस पायऱ्या चढून घामाघूम झालेला असतो, देऊळ आकाराने लहान, दर्शन क्षणाचे. त्या दोघांत कोण अधिक अंतर्मुख होतो, हे मोजायचे यंत्र नाही. मात्र भव्यतेनेच काम भागत असते, तर रांग चैत्यगृहाला लागली असती.

कार्ले आणखी एक समज मोडते. पवित्र जागा म्हणजे माणसांच्या वर्दळीपासून दूर, एकान्तात, असे आपण धरून चालतो. दा. ध. कोसंबींनी १९६२ च्या ‘मिथ अँड रिॲलिटी’त पुणे परिसरातल्या मातृदेवतांची ठाणी पायी फिरून तपासली आणि दाखवून दिले, की ही ठाणी जुन्या वाटांच्या मिलापावर आहेत, अनेक ठिकाणी त्यांच्या आसपास अश्मयुगीन बारीक हत्यारे सापडतात. लेणीसुद्धा व्यापारी मार्गांना धरून खोदलेली. भिक्षू वर्षावासाला डोंगरात राहत, पण खाली घाटातून मालाचे तांडे जात होते. कार्ल्याच्या भिंतींवर आणि खांबांवर ज्यांची नावे आहेत त्यांत वैजयंतीचा श्रेष्ठी भूतपाल आहे, धेनुकाकट गावचा सुगंधी द्रव्यांचा व्यापारी सिंहदत्त आहे, सामी नावाचा सुतार आहे, कित्येक यवन आहेत. कुणी एक खांब दिला, कुणी दरवाजा. हे लोक तिथे एकान्त शोधायला आले नव्हते. कमाईतला वाटा सोडायला आले होते. माझ्या लेखी लेण्यातली सगळ्यांत विचार करायला लावणारी गोष्ट खांबावरचे हत्ती नाहीत. एकेका खांबापुरते दान करून, त्यावर आपले आणि गावाचे नाव घालून, उरलेले लेणे दुसऱ्यांवर सोपवून जाणारी ती माणसे आहेत.

शांततेचे तर विचारूच नका. चिंतनाला शांतता लागते हे इतके उघड वाटते, की त्याचा पडताळा घ्यावा असे फारसे कुणाच्या मनात येत नाही. प्रयागच्या माघमेळ्यात भारतीय आणि ब्रिटिश मानसशास्त्रज्ञांच्या एका गटाने तो घेतला. महिनाभर गंगेच्या वाळूत तंबूत राहणारे, पहाटे बर्फासारख्या पाण्यात स्नान करणारे, अहोरात्र लाउडस्पीकरच्या माऱ्यात झोपणारे कल्पवासी त्यांनी अभ्यासले. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांत, मेळ्याला न गेलेल्यांच्या तुलनेत कल्पवाशांच्या स्वास्थ्यात सुधारणा दिसली. दुसऱ्या प्रयोगात एकच गोंगाट ऐकवला. काहींना तो मेळ्यातला असल्याचे सांगितले, काहींना शहरी रस्त्यावरचा. मेळ्याचा म्हणून ऐकलेला गोंगाट लोकांना कमी त्रासदायक वाटला. यातून चिंतन सिद्ध होत नाही, स्वास्थ्य आणि विचार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मान्य. पण एवढे नक्की होते, की शांतता ही अट नव्हे. टाळमृदंगाच्या गजरात वीस-वीस दिवस चालणाऱ्या वारकऱ्याला हे सांगायला प्रयोगशाळा लागली नसती.

मग अस्सलपणा? मूळ मूर्ती, मूळ जागा यांत बळ असते का? रा. चिं. ढेरे यांनी १९८४ च्या ‘श्रीविठ्ठल: एक महासमन्वय’ या ग्रंथात पुरावे देत मांडले, की विठ्ठलाची मूळ मूर्ती पंढरपुरात नसून माढ्यात आहे. वाद मोठा झाला, आजही अभ्यासक त्यावर बोलतात. आषाढीची वाट मात्र माढ्याकडे वळली नाही. गोव्यात तर उलटा प्रयोग इतिहासानेच करून ठेवला आहे. सोळाव्या शतकात पोर्तुगिजांनी साष्टी आणि तिसवाडीतली देवळे पाडायला घेतली तेव्हा भक्तांनी देव उचलून नदीपलीकडे नेले: मंगेश कुशस्थळीहून प्रियोळला, शांतादुर्गा केळशीहून कवळ्याला, म्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळला. देव गेला त्या गावात देऊळ उभे राहिले, तळी, दीपस्तंभ, सगळा थाट झाला. तरी कुळांच्या बोलण्यातून मूळ गाव गेले नाही, आणि चारशे वर्षांनी वेर्ण्यात जुन्या जागी पुन्हा म्हाळसेचे देऊळ बांधले गेले. दुसरीकडे म्हापशाच्या चर्चमधल्या मिलाग्रिस सायबिणीला शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानून हिंदूही तिच्या फेस्ताला जातात. म्हणजे जागा हलते, मूर्ती बदलते, देवाचा धर्मही बदलतो, आणि तरी माणसे येत राहतात. अस्सलपणाचा निकष लावणाऱ्याने यांतल्या कोणत्या जागेला खोटे ठरवायचे?

या सगळ्यातून मला जे हाती लागते ते असे: पवित्र जागा विचाराला लावते, कारण ती अडवते. बाकीच्या बहुतेक जागा आपल्या सोयीसाठी असतात. बाजार, बसस्थानक, कचेरी, घर, सगळीकडे आपले काही काम असते आणि जागा त्या कामाला जुंपलेली असते. पवित्र जागा मागणी करते. पायताण इथे काढा. इथले काही उचलू नका. इथून पुढे असे जायचे नाही. उपाशी या, चालत या, भिजून या. या मागण्यांचे कारण कुणी समजावून देत नाही आणि बहुतेकांना ते ठाऊकही नसते. ती मागणी आपल्या आधीच्या पिढ्यांनाही केलेली असते, आपल्या सोयीसाठी ती बदलत नाही, आणि तिच्यापुढे आपली इच्छा हे सगळ्या गोष्टींचे माप उरत नाही. रोजच्या जगण्यात हा अनुभव फार विरळा. विचाराला तिथे फट मिळते. यावर कुणी म्हणेल, मग तहसील कचेरीतही तासन्‌तास अडवून ठेवतात, तिथे का कुणी तत्त्वज्ञ होत नाही? फरक उघड आहे. कचेरीतला अडथळा ओलांडला की त्यापलीकडे आपलेच काम असते आणि ओळख काढून तो टाळता येतो. पवित्र जागेचा अटकाव माणूस स्वतःहून पत्करतो, आणि तो टाळला तर मग तिथे जाण्यात काही उरत नाही.

याचे सर्वांत स्वच्छ रूप देवराईत दिसते. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी सत्तरच्या दशकात सह्याद्रीतल्या देवरायांचा शास्त्रीय अभ्यास केला आणि बाहेरच्या जगाला त्यांचे मोल कळले. भोवतीचा डोंगर राबासाठी फांद्या तोडून तोडून उघडा पडलेला, आणि मध्येच एक गच्च हिरवा तुकडा. आत शिरले की मांडीएवढ्या जाडीची गारंबीची वेल झाडाझाडांवरून गेलेली, तिच्या हातभर लांबीच्या शेंगा लोंबत असलेल्या. देव म्हणजे बहुधा एखादा तांदळा, शेंदूर फासलेला, आणि त्याला छप्पर सोसत नाही अशी अनेक गावांची श्रद्धा, म्हणून तो उघड्यावर. नियम एकच: इथली काडी न्यायची नाही. वाळून पडलेले लाकूडही तिथेच कुजू द्यायचे. सरपणासाठी मैलभर चढून मोळी आणणारी बाई या वाळक्या लाकडांच्या शेजारून रोज जाते आणि हात लावत नाही. यावरचा आक्षेप मला ठाऊक आहे: हे चिंतन कसले, ही तर भीती, देव कोपेल, घरात कुणी आजारी पडेल, म्हणून हात आवरतो. भीती आहेच. पण गरज असताना, कुणी बघत नसताना, हाताच्या अंतरावरची वस्तू न घेणे हा रोजचा निर्णय आहे आणि तो घेताना ‘माझे काय, माझे नसलेले काय’ हा प्रश्न प्रत्येक वेळी उभा राहतो. तो प्रश्न पुस्तकी शब्दांत मांडता आला नाही, म्हणून तो पडलाच नाही असे म्हणणे हा शिकलेल्यांचा गर्व झाला. नवसालाही हेच लागू. पवित्र जागी लोक मागायला जातात, विचार करायला नाही, असे हेटाळणीने म्हटले जाते. पण नवस बोलणाऱ्याला आधी ठरवावे लागते की आयुष्यात सगळ्यांत जास्त काय हवे आहे आणि त्यासाठी आपण काय सोडायला तयार आहोत. एरवी हा हिशेब माणूस वर्षानुवर्षे टाळतो.

वारीचा विचार मी शेवटी करायचे ठरवले होते, पण आढाव्यात ती मध्येच घुसणार हे उघड होते. आळंदी ते पंढरपूर सुमारे अडीचशे किलोमीटर, आणि इतके चालून गेलेल्यांतले कितीतरी जण मूर्तीपर्यंत पोहोचतच नाहीत. चंद्रभागेत स्नान, नामदेव पायरीला डोके, लांबून कळसाचे दर्शन, की परतीची वाट. दर्शनबारीत उभे राहायला त्यांना वेळ नसतो, पेरण्या खोळंबलेल्या असतात. पण त्यांना कुणी अर्धी वारी केली असे म्हणत नाही, कारण जागेने जे घ्यायचे ते वाटेतच घेतलेले असते. इथे संतांचाच एक मोठा आक्षेप उभा आहे. देव तीर्थात नाही, दगडात नाही, पाण्यात नाही, मनात आहे, असे वारकरी संतांनी इतक्या वेळा आणि इतक्या कडक शब्दांत सांगितले आहे, की पवित्र जागांविरुद्धचा सगळ्यांत धारदार युक्तिवाद त्यांच्याच गाथांतून काढता येतो. आणि तेच संत वर्षानुवर्षे पंढरीला जात राहिले. याला विसंगती म्हणून सोडून देता येत नाही. जागेची गरज नाही हे ज्याला त्या जागेवर उभे राहून म्हणता येते, त्याच्यावर जागेने आपले काम पुरे केले आहे, असा मी त्याचा अर्थ लावतो. तुकोबा देहूजवळच्या भंडारा आणि भामचंद्र डोंगरांवर जाऊन बसत. गावातल्या देवळात मन लागत नव्हते म्हणून नव्हे. प्रपंचाच्या हाका तिथवर पोहोचायला चढ आडवा येत होता म्हणून.

वारीबद्दलचे सगळ्यांत डोळस लेखन अजूनही इरावती कर्वे यांचे. ‘परिपूर्ती’ या संग्रहातला ‘वाटचाल’ हा त्यांचा लेख मानवशास्त्रज्ञाने लिहिला आहे आणि दिंडीतल्या बाईनेही. चालता चालता मराठी मुलुख म्हणजे काय याचे उत्तर त्यांना सापडले, हे सगळे सांगतात. त्यांना खुपलेली गोष्ट कमी सांगितली जाते: एकाच दिंडीत ब्राह्मण आणि मराठा बायका एका सुरात अभंग म्हणत आणि जेवायला वेगळ्या बसत. यात्रेत समाजाची उतरंड विरघळते आणि माणसे समपातळीवर येतात, हा व्हिक्टर टर्नर यांचा सिद्धान्त जगभर गाजला; तो मांडताना त्यांनी कर्व्यांच्या याच लेखाचा आधार घेतला, आणि लेखातच त्याला सुरुंग होता. जॉन ईड आणि मायकेल सॅलनॉ यांनी १९९१ मध्ये संपादित केलेल्या ग्रंथाने टर्नरना उत्तर दिले, की तीर्थ ही एकोप्याची जागा नसून वादाची जागा असते. प्रत्येक गट तिथे आपला अर्थ घेऊन येतो. मी याच्याही एक पाऊल पुढे जाईन. अभंग एकत्र आणि पंगत वेगळी, हे गावात रोज घडत होते आणि कुणाच्या डोळ्यांत येत नव्हते. वाटेवर ते डोळ्यांत आले, कारण तिथे पावलागणिक समतेचे शब्द उच्चारले जात होते. वादाने जागेचे पावित्र्य भंगले नाही. जागेने वादाला तोंड फोडले.

इथे माझ्याच मुद्द्याची परीक्षा आहे. अडवणे हे जर पवित्र जागेचे बळ, तर अस्पृश्यांना अडवणे हाही त्या बळाचाच भाग मानायचा का? नाही, आणि हा फरक स्पष्ट करणे भाग आहे. पायताण काढण्याचा नियम राजाला आणि रयतेला सारखा असतो. जातीवरून अडवणे हे काहींनाच अडवते आणि बाकीच्यांना निर्धास्त आत सोडते; आत गेलेल्याला त्यात काही सोडावे लागत नाही, उलट मान वाढवून मिळतो. अशा अटकावातून विचार करण्याचे सगळे ओझे अडवल्या गेलेल्याच्या डोक्यावर पडते. चोखोबांचे तेच झाले. मंगळवेढ्याला गावकुसाची भिंत कोसळून त्यांचा अंत झाला, नामदेवांनी त्यांच्या अस्थी पंढरपुरात आणल्या आणि महाद्वारासमोर समाधी केली, अशी परंपरा आहे. म्हणजे शतकानुशतके वारकरी आधी चोखोबांना हात जोडत आणि मग त्या देवळात जात, जिथे चोखोबांच्या जातीला पाऊल ठेवता येत नव्हते. हे दृश्य लाखो माणसांनी पाहिले. त्यातून प्रश्न पडायला साने गुरुजींचे १९४७ च्या मे महिन्यातले उपोषण यावे लागले, तेव्हा कुठे दार उघडले. पवित्र जागा आपोआप विचार करायला लावते असे मानणाऱ्याने या मधल्या शतकांचा हिशेब द्यावा.

आंबेडकरांनी तो मागितला. २ मार्च १९३० ला नाशिकच्या काळाराम मंदिरासमोर सुरू झालेला सत्याग्रह वर्षानुवर्षे चालला, दार उघडले नाही, आणि १९३५ साली येवल्यात धर्म सोडण्याची घोषणा झाली. बंद दाराने इतका खोल विचार जागवल्याचे दुसरे उदाहरण आधुनिक महाराष्ट्रात नाही. अर्थात याचे श्रेय दाराला नाही. त्या विचारातून मग नव्या पवित्र जागा घडल्या. १४ ऑक्टोबर १९५६ च्या धर्मांतराने नागपूरची दीक्षाभूमी झाली, त्याच वर्षाच्या डिसेंबरात आंबेडकरांच्या निधनानंतर दादरची चैत्यभूमी. या दोन्ही ठिकाणी काय विकले जाते ते पाहण्याजोगे आहे. ६ डिसेंबरला शिवाजी पार्कवर पुस्तकांचे स्टॉल लागतात आणि विदर्भ-मराठवाड्यातून रात्रभर प्रवास करून आलेली माणसे बाबासाहेबांची पुस्तके, घटनेच्या प्रती, दिनदर्शिका पिशवीत घालून नेतात. प्रसाद म्हणून पुस्तक घरी नेणारी दुसरी मोठी जत्रा मला ठाऊक नाही. इथला अटकाव वेगळा आहे: रांग लांब, जागा अपुरी, समुद्राचा वारा, पण कुणी आधी आणि कुणी मागे असे नाही. पुढे शनिशिंगणापूरच्या चौथऱ्यावर आणि हाजी अलीच्या मजारीपर्यंत स्त्रियांना जाता यावे म्हणून २०१६ मध्ये जे घडले, तोही याच प्रश्नाचा पुढचा हप्ता. काहींपुरता असलेला अटकाव न्यायालयाने काढला. चप्पल काढण्याचा नियम कुणी काढायला सांगितला नाही.

आता तिसरा अटकाव आला आहे, पैशाचा आणि ओळखीचा. व्हीआयपी दर्शन, सशुल्क पास, मागच्या दाराने आत. हा जातीच्या अटकावासारखाच काहींना सोडतो आणि बाकीच्यांना ताटकळत ठेवतो, फक्त त्याची पावती मिळते. त्याच्या जोडीला सोय येते. इथे माझ्या म्हणण्यावर सर्वांत गंभीर आक्षेप घेता येतो आणि तो टाळून पुढे जाणे अप्रामाणिक होईल. २५ जानेवारी २००५ ला वाईजवळच्या मांढरदेवीच्या यात्रेत चेंगराचेंगरी झाली, जवळजवळ तीनशे माणसे गेली. २००३ च्या नाशिक कुंभात एकोणचाळीस गेली होती. पंढरपुरात वारीनंतर मागे राहणारी घाण कुणी आणि कशी उचलायची, हा प्रश्न उच्च न्यायालयापर्यंत गेला, कारण ती उचलणारे हात ठरावीक जातींचेच होते. मग कष्टाचे, अडचणीचे गोडवे गाणे हा सुरक्षित माणसाचा चोचला नाही का? कष्ट दुसऱ्याच्या जिवावर उठत असतील तर तो चोचलाच. रुंद वाटा, शौचालये, गर्दीचे नियोजन, गुडघे गेलेल्या म्हातारीला वर नेणारी सोय, यांना पावित्र्याच्या नावाखाली विरोध करणाऱ्यांशी माझे काही देणेघेणे नाही. जीव वाचवणारी व्यवस्था आणि मागणीच काढून टाकणारी व्यवस्था यांत मात्र अंतर आहे, आणि आपल्याकडच्या आराखड्यांत ते कुणी पाहत नाही. पालखी मार्गाचे चौपदरीकरण पायी चालणाऱ्याला सुरक्षित करते की त्याला गाडीच्या वाटेतला अडथळा बनवते, हे रस्त्याच्या कडेला त्याच्यासाठी किती जागा आणि सावली ठेवली यावर ठरते. जुलै २०२४ मध्ये दीक्षाभूमीवर भूमिगत वाहनतळाचे काम अनुयायांनी उधळून लावले आणि सरकारला ते थांबवावे लागले. स्तूपाला धोका पोहोचेल ही भीती त्यात होती; पण ज्या जमिनीवर लाखो माणसे उभी राहिली ती गाड्यांसाठी खणायची का, हा प्रश्नही त्यात होता, आणि तो तिथे जमलेल्या लोकांनी विचारला, आराखडा करणाऱ्यांनी नाही.

देवरायांत हीच झुंज कमी आवाजात चालू आहे. कोकणात चाकरमान्यांच्या वर्गणीतून जीर्णोद्धार निघतात, तांदळ्याभोवती सिमेंटचा गाभारा आणि वर स्लॅब येतो, आणि खर्चाची तोंडमिळवणी करायला राईतली चार जुनी झाडे विकायला निघतात. परवानगी देवाकडूनच घेतात. गुरव गाऱ्हाणे घालतो, देवाला कौल लावतो, आणि चिकटवलेली कळी किंवा तांदूळ उजवीकडून पडतो की डावीकडून, त्यावर उत्तर ठरते. गाऱ्हाण्यात प्रश्न कसा घालायचा हे ज्याच्या हाती, त्याला कौल बराचसा ठाऊक असतो. गावालाही ते माहीत असते. झाडांच्या जातींची यादी आणि भूजलाचे आकडे घेऊन अशा बैठकीला गेलेला कार्यकर्ता बहुधा हरतो. आपल्या देवाला छप्पर चालत नाही, एवढेच बोलून गप्प बसणारा गुरव कधीकधी जिंकतो.